बिनदुधाचा नायट्रो पॉइंट

७ एप्रिल, सोमवार. सकाळी ६.१०

आजपासून रोज डायरी. पुढेमागे कोणी माझ्यावर पुस्तक काढायचं म्हटलं तर मटेरियल तयार हवं. तोवर कोणी वाचायची नाही. मनिषाने तर नाहीच. बायको असली म्हणून काय झालं.

परिस्थिती अशी. आप्पांच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. बहीण वर्षाराणी त्यांना आणि आईला घेऊन पालीला तिच्या घरी गेली. दीड-दोन महिने आराम. अडतीस वर्षं आप्पांनी अंबाजोगाईच्या हॉस्पिटलजवळच्या या कोपऱ्यावर चहाची भट्टी पेटती ठेवली. मिळवलं काय? गुडघे घालवले.

गाडीत बसताना म्हणाले, उत्तरेश्वर, तुला काय करायचं ते करून बघ. पर ज्या दिवशी मी माझ्या पायानं चालत हाटेलात येईन, त्या दिवशी बाकडी भरलेली दिसली पायजेत. दिसली तर हाटेल तुझं. न्हाई दिसली तर गुमान भट्टी पेटवायची आन जन्मभर माझ्या हाताखाली कपबशा इसळायच्या.

मी चौतीस वर्षांचा आहे. पुण्यात दोन दिवसांचं वर्कशॉप केलंय. सर्टिफिकेट लॅमिनेट केलंय. कपबशा विसळणार नाही.

८ एप्रिल

भट्टी विझवली. दूधवाल्या भगवानरावांना उद्यापासून येऊ नका म्हणून सांगितलं. कावून, म्हणून विचारत बसले. मी दूधवाल्यांना कारणं देत नसतो. सायकल धरून बराच वेळ भट्टीकडे बघत उभे राहिले. नाटकी माणूस.

११ एप्रिल

सिलिंडर आला. गावात नायट्रोजन फक्त दोघांना माहीत: टायरवाल्याला आणि जनावरांच्या डॉक्टरला. आता मला.

पद्धत लिहून ठेवतो, नंतर चोरीला गेली तर पुरावा. जाड दळलेली कॉफी अठरा तास गार पाण्यात. मग गाळायची. मग केगमध्ये, म्हणजे स्टीलच्या बंद पिंपात भरून वरून नायट्रोजन सोडायचा, केग हलवायचा, आणि नळातून ग्लासात सोडायची. बारीक बुडबुडे वरून खाली कोसळताना दिसतात, मग वर सायीसारखा फेस बसतो. दूध नाही, साखर नाही, बर्फ नाही. काळीभोर.

आईला व्हिडिओ कॉलवर दाखवली. आई म्हणाली, आरं चूल इझवलेली, दूध न्हाई, आन कोरं काळं पाणी देतूस. हे दुखवट्याच्या घरी देत्यात बाबा. चालत्या हाटेलात न्हाई.

आमच्या मातोश्री केशरबाईंचं मार्केटिंगचं ज्ञान. फोन ठेवला.

१३ एप्रिल, रविवार

उद्घाटन. नाव: नायट्रो पॉइंट. भिंतीवर बोर्ड: 'पिण्याआधी ९० सेकंद शांतपणे ग्लासाकडे बघा.'

ब्रँडला इतिहास लागतो हे वर्कशॉपमध्ये शिकवलंय. म्हणून समोरच्या भिंतीवर आप्पांचा मोठा फोटो, ब्लॅक अँड व्हाइट, वर बारका पिवळा दिवा. खाली नाव आणि चहाचा कार्यकाळ: 'आप्पा, १९८७–२०२५'. उद्घाटनाचा हार उरला होता, तो फोटोलाच घातला. एकदम क्लासी दिसतंय. आप्पांना याची किंमत कळणार नाही.

गिऱ्हाईक: चार. तिघे नातेवाईक. चौथ्याने टॉयलेट विचारलं.

१५ एप्रिल

मेडिकल कॉलेजचा एक पोरगा आला. घोट घेतला आणि साखर मागितली. बोर्ड दाखवला. तो म्हणाला, काका, साखर. काका!! हाकलला.

१८ एप्रिल

पेशंटच्या नातेवाईक बाईने ग्लास हातात घेतला आणि म्हणाली, गरम करून द्या. तिला नायट्रोजनचं विज्ञान समजावून सांगितलं. तिने ग्लास ठेवला आणि समोरच्या बंकटच्या चहा-पानाच्या टपरीवर गेली. समोरच्या टपरीवर आता आमचंच जुनं गिऱ्हाईक उभं असतं. तोंडात पान धरून माझ्याकडे बघतात.

बंकटला दुकान चालवायची अक्कल नाही. नुसती गर्दी आहे.

मनिषा हॉस्पिटलात ड्यूटीवर जाताना थर्मासमध्ये चहा ठेवून गेली. काउंटरखाली बसून दोन कप घेतला. माझ्या पोटाला सकाळी गरमच लागतं. कॉफीचा त्याच्याशी संबंध नाही.

२२ एप्रिल

सहा तास लाईट नव्हती. केग कोमट. फेस बसेना. वीज कंपनीला आणि बंकटला शाप दिले.

संध्याकाळी बंकट स्वतः रस्ता ओलांडून आला. आगाऊ. म्हणाला, आप्पा कसे हायेत बे? दिसंनात लई दिवस. मी म्हणालो, आप्पांचं संपलं. आता इथं मी आहे. यापुढे आप्पांचं नाव या दुकानात काढायचं नाही. बंकटने भिंतीवरच्या फोटोकडे बघितलं, हाराकडे बघितलं आणि तोंडातलं पान बाहेर जाऊन थुंकून टाकलं. बरी जिरवली.

संकल्प: स्पर्धकांशी असंच बोलायचं.

३ मे, शनिवार

टर्निंग पॉइंट! तारीख लाल पेनाने लिहिली आहे.

सकाळी अकराला सात माणसं एकदम. ही आप्पांची जुनी गिऱ्हाइकं, खेड्यापाड्यांतून बाजाराला येणारी. चपला बाहेर काढून आत आली. मी न सांगता बाकड्यांवर बसली. सात ग्लास दिले. सगळे खाली मान घालून ग्लासाकडे बघत बसले. नव्वद सेकंद काय, पाच मिनिटं! साखर नको, गरम नको. एक म्हातारा ग्लास बघून नुसता मान हलवत होता. त्याचे डोळे भरून आले. कॉफीने माणूस रडतो हे वर्कशॉपमध्येसुद्धा सांगितलं नव्हतं.

तो म्हणाला, लई वाईट झालं लेकरा. चहा बंद झाल्याचं दुःख, दुसरं काय. मी म्हणालो, काका, जुनं किती दिवस धरून ठेवणार? जागा अडते. त्याने ग्लास खाली ठेवला. शेवटी म्हणाला, आता समदं तुलाच बघायचंय. मी म्हणालो, तेच म्हणतोय मी वर्षभर.

एकच तक्रार. जाताना कोणी 'येतो' म्हणालं नाही. गुपचूप उठून चपला घालून निघून गेले. एवढी साधी रीत पाळत नाहीत. पैसे मागितल्यावर तर असं बघितलं की जणू मी त्यांचा खिसा कापला.

७ मे

रोज दहा-बारा. सगळे गप्प बसतात, पितात, जातात. 'येतो' कोणी म्हणत नाही. बहुतेक बंकटने शिकवून पाठवलंय.

भगवानराव येऊन माझ्या डोक्यावर हात ठेवून गेले. दूध पुन्हा सुरू करा म्हणून लाडीगोडी. मी विरघळलो नाही.

१२ मे, सोमवार

सत्कार!

सिरसाळ्याचे सुंदरराव आले. आप्पांचे तीस वर्षांचे गिऱ्हाईक, भागातला वजनदार माणूस. पिशवीतून टॉवेल-टोपी काढली, टॉवेल माझ्या खांद्यावर टाकला, टोपी स्वतःच्या हाताने माझ्या डोक्यावर घातली. जवळ घेऊन पाठ थोपटली. आयुष्यात पहिल्यांदा कोणीतरी माझ्या कामाची दखल घेतली. मलाही रडू आलं. खोटं कशाला लिहू.

मग म्हणाले, सत्तावीस तारखेला मंगळवारी समदी माणसं इथंच बसू. पन्नासेक असतील. तुझ्याच्यानं हुईल का सगळं? मी म्हणालो, दोन केग लावतो.

टोपी घातलेला फोटो स्टेटसला टाकला. वर लिहिलं: 'आता सगळी जबाबदारी माझ्या खांद्यावर.' चारशे बारा जणांनी बघितला. हात जोडलेले इमोजीच इमोजी.

१३ मे

वर्षाराणीचे सहा मिस्ड कॉल. सख्खी बहीण, पण भावाचं चांगलं बघवत नाही. ब्लॉक केली.

१९ मे

मनिषा भर दुकानात येऊन म्हणाली, अहो, वॉर्डात बाया माझा हात धरून रडायल्या, तुम्ही लोकांना नेमकं काय सांगितलंय? मी म्हणालो, बिझनेसच्या वेळेत घरगुती विषय नकोत. ती म्हणाली, घरगुतीच हाय म्हणून तर इचारायले. पन्नास माणसांची ऑर्डर डोक्यावर असताना हिचे वॉर्डातले किस्से ऐकू? संध्याकाळी बोलू म्हणालो. संध्याकाळी मी झोपलो.

२४ मे, शनिवार

मास्टरस्ट्रोक. आप्पांना फोन लावला. म्हणालो, चालता येतं ना? मग मंगळवारीच या. अकरा वाजता. स्वतःच्या पायाने या आणि बाकडी मोजा. आप्पा म्हणाले, काठी घेऊन येतंय चालता. वर्षाराणी मागून काहीतरी ओरडत होती. फोन ठेवला.

पाटी रंगवायला दिली: 'संस्थापक-मालक: उत्तरेश्वर.'

२७ मे, मंगळवार. सकाळी ९.३०

दोन केग तयार. पन्नास ग्लास पुसून ठेवले. बाकडी पुरणार नाहीत म्हणून मंडपवाल्याकडून आणखी चार आणली. टोपी घातली आहे. आज आप्पा हरणार. माझा बाप आहे, पण हरणार. बंकटसुद्धा दुकान बंद करून इकडेच येताना दिसतोय. शरण आला.

१०.४०. एकूण एक बाकडं भरलं. उभ्या आयुष्यात आप्पांनी एवढी गर्दी बघितली नसेल.

२८ मे, बुधवार

काल पुढचं लिहायला वेळ झाला नाही.

अकराला पाच कमी असताना सुंदरराव उठले. खिशातून कागद काढला. म्हणाले, आपन समदे दोन मिन्टं उभं ऱ्हाऊ. मला वाटलं माझ्या ९० सेकंदांच्या बोर्डाचा मान राखतायत. सगळे उठले. पन्नास माणसं, मान खाली, हात पुढे बांधलेले. बंकट सगळ्यात पुढे, डोळे मिटून. मीही उभा राहिलो. आदर वाटला.

तेवढ्यात काठीचा आवाज. आप्पा दारात. मागे आई, वर्षाराणी आणि मनिषा.

पहिल्यांदा बंकटने डोळे उघडले. तो जो ओरडला तो हॉस्पिटलपर्यंत ऐकू गेला असेल. दोघंतिघं मागच्या मागे बाकड्यांवरून पडली. सुंदररावांच्या हातातला कागद खाली पडला. कागदावर मोठ्या अक्षरात 'कै. आप्पा' लिहिलेलं होतं. मी ते तेव्हा वाचलं.

आप्पांनी भिंतीवरचा फोटो बघितला. हार बघितला. दोन्ही सालं वाचली. माझ्या डोक्यावरची टोपी बघितली. मग बाकड्यांकडे काठी केली. म्हणाले, एक बी भरलेलं न्हाई.

मी म्हणालो, दोन मिनिटांपूर्वी सगळी भरली होती, कोणालाही विचारा. आणखी वादही घालता आला असता. पण नियम त्यांचाच होता आणि बाकडी रिकामी होती. माझ्याच बापाच्या मानात सगळे उभे होते.

आप्पा बाकड्यावर बसले. सुंदररावांना म्हणाले, लिहून आणलंय तर वाच की. मला बी ऐकू दे. सुंदरराव नको नको म्हणत होते. आप्पांनी सोडलं नाही. मग त्यांनी वाचलं. त्यांची बायको बाळंतपणात हॉस्पिटलात अडली होती तेव्हा आप्पांनी पहाटे तीन वाजता त्यांच्यासाठी भट्टी पेटवली होती, ते. भगवानराव काहीतरी बोलले. मग बंकट. लहानपणी उपाशी आलतो तर आप्पांनी चहा आणि दोन पाव दिलते, नंतर टपरी टाकायला आपली जुनी किटली दिलती, म्हणाला. हे मला माहीत नव्हतं. आई रडत होती. आप्पा ऐकत होते, मान हलवत होते, एका ठिकाणी चूक दुरुस्त केली. पाऊण तास चाललं.

त्या पाऊण तासात कॉफीबद्दल कोणी एक शब्द बोललं नाही. महिनाभर ते प्यायले, ते माझ्या आप्पांसाठी प्यायले. मी लिहायचं नाही असं ठरवलं होतं, पण लिहिलं.

मग आप्पा मला म्हणाले, आधी ती टोपी काढ. मी जिता हाय अजून. टोपी सुंदररावांनी पिशवीत घालून परत नेली. टॉवेलसुद्धा.

भट्टी मीच पेटवली. भगवानरावांनी दूध बरोबरच आणलेलं होतं. दोन्ही केग मोरीपाशी ठेवलेत. आप्पा म्हणाले, धुवायच्या पाण्याला बरे हायेत.

चहात साखर फार होती. मी तीन कप घेतला.

दुपारी माणसं पांगली. जाताना एकूण एक जण 'येतो' म्हणाला. आप्पांना. मी मोरीपाशी कपबशा विसळत होतो, मला तिथपर्यंत ऐकू येत होतं.