वाघाच्या अंगावरचा भूगोल

सोमवार, १९ ऑक्टोबर १९३६
सकाळी दहा वाजून वीस मिनिटे. वाचनालयातले माझे कपाट रिकामे! शाळेतून निवृत्त झाले तेव्हा दिलेली एकशे बारा पुस्तके, न विचारता रद्दीत. सेक्रेटरी ईश्वरदास म्हणतात, "बाई, उधई लागली होती, पाने पोखरलेली. नऊ वर्षांत कोणी हात लावला नाही." लावणार कसा? किल्ली यांच्या खिशात. तसे तोंडावर सांगितले. पुस्तके शिपायाच्या बायकोने, सुखवंताने, नेली म्हणे. कागदाच्या लगद्याच्या टोपल्या करायला. मी परत आणणार.

२० ऑक्टोबर
उशीर झाला. पुस्तके घंगाळात भिजलेली, सुखवंता चिकटपणाला मेथी घालून उखळात कुटत होती. लहानपणी कॉन्व्हेंटात पानाचा कोपरा दुमडला तरी सिस्टर हातावर छडी मारत. मी ओरडले. मुसळ न थांबवता म्हणते, "बाई, कायले रागावून राहिल्या? मंडईची जत्रा आली. दंडारीत नाचाले वाघाचं सोंग पायजे."
मुखवट्यासाठी लगदा उलट्या मडक्यावर थापला. नाक वाकडे. सांगितले, ऐकेना. मीच बसवले.

२४ ऑक्टोबर
हातांना अजून मेथीचा वास.

३० ऑक्टोबर
वाघ वाळला. सुखवंता काजळीने पट्टे ओढणार होती, मी अडवले. घंगाळात न मावलेला भूगोलाचा पातळ पहिला भाग होता — त्याच्या ओळी कापून पट्टे म्हणून चिकटवल्या. तिने लावल्या त्या उलट्यासुलट्या. "वाघ थोडीच वाचून राहिला!" मी सगळ्या उपटल्या. डाव्या कानापासून हनुवटीपर्यंत क्रमाने लावल्या. ज्वालामुखी कपाळावर आला. शोभतो.

१८ नोव्हेंबर
कामठ्याची मंडई. दंडार संपली तरी वाघाला कोणी सोडेना. "बाई, गालावर काय लिवलं हाये?" मी वाचत गेले, सोंगातला गडी मान वळवत गेला. त्याची मान आखडली, माझा घसा बसला. एक म्हातारी समुद्रापाशी अडली — "पाणी खारट काऊन?" दोनदा सांगावे लागले. हनुवटीशी पुस्तक संपले. लोक विचारतात, पुढे काय?
घरी येताना मी बैलगाडीत गात होते. सुखवंता म्हणते, बैल घाबरतील.

२१ नोव्हेंबर
ईश्वरदासांना आता पुस्तकांची विटंबना खपत नाही. बाकी कपाटांना दुहेरी कुलूप.

सोमवार, २३ नोव्हेंबर
सेक्रेटरींना पाठवलेल्या पत्राची नक्कल —
भूगोलाचा दुसरा भाग आपल्या कपाटात आहे. कोरा करकरीत, उधई नाही. तो पुढच्या वाघासाठी सुखवंताच्या अंगणात पोचावा. देणार की नाही, ते शुक्रवार, २७ नोव्हेंबर, सायंकाळी पाचच्या आत लेखी कळवावे.