मापाचा माणूस

मुंबई, ९ नोव्हेंबर १९६४

प्रिय हिरे,

तुझी तिन्ही पत्रं मिळाली. उत्तर दिलं नाही, कारण तुझ्या एका ओळीच्या प्रश्नाला माझ्याकडे एका ओळीचं उत्तर नव्हतं. भिलाई कारखान्याच्या उभारणीवरची माझी फिल्म येत्या रविवारी तुमच्या कॅम्प-१ वसाहतीच्या मैदानात दाखवणार आहेत, आणि तू विचारतेस, 'दादा, त्याच्यात हे दिसतीन का? मले त्यायचं तोंड एकदा पाहाचं आहे.' तेजरामचा एकही फोटो तुझ्याकडे नाही. लग्नात घरचाच कॅमेरावाला असताना दुसरा कशाला, म्हणून फोटोवाला सांगितला नाही, आणि ऐन वेळी मीच शूटिंगला पळालो. तर ऐक. तो दिसतो.

आमच्या धंद्यात कारखान्याची चिमणी नुसती दाखवली तर खेळण्यातली वाटते. शेजारी माणूस उभा केला की उंची कळते. त्याला आम्ही मापाचा माणूस म्हणतो. तुझा नवरा तेव्हा रुआबांधा गावाकडे पाया खणायला जायचा, तिथून मी त्याला मागून घेतला. काय ऐटीत उभा राहायचा! नवरदेवसुद्धा इतका ताठ नसेल. यंत्रांच्या घरघरीत माझा आवाज पोचायचा नाही, म्हणून खूण ठरली होती. मी हात वर केला की त्यानं हलायचं. 'तुमी हात कराल तवाच हलीन, भाऊ. नाही त सांजवरी उभा,' असं म्हणून तो हसला होता.

अहिवाऱ्याजवळच्या त्या चुनखडीच्या खाणीत तो सुरुंगाची शिट्टी न ऐकता भटकत गेला आणि दगडांखाली गाडला गेला, असं मी तुला आणि तुझ्या सासूला, तुळसाबाईंना, दारात उभं राहून सांगितलं. सहा वर्षं तुम्ही दोघी त्यालाच बोल लावत आलात, की त्याचं ध्यानच नसे. हिरे, त्याचं सगळं ध्यान माझ्याकडे होतं. कड्याखाली मीच त्याला उभं केलं होतं. रीळ संपलं. नवं भरताना दोन्ही हात कोपरापर्यंत काळ्या कापडाच्या पिशवीत घालावे लागतात. उजेड शिरला की फिल्म वाया. माझे हात आत असताना शिट्टी झाली. मजूर पळाले. तेजराम माझ्याकडे बघत उभा राहिला. मी ओरडलो, पण आवाज पोचत नाही म्हणूनच तर हात ठरवला होता. वाटलं, शिट्टी ऐकून कोण थांबतं, पळेलच. मी हात बाहेर काढले नाहीत. ते रीळ शाबूत राहिलं.

दोन महिन्यांनी कारखान्यात लोखंडाचा पहिला रस वाहिला, तेव्हा त्याचं चित्रण करताना मी मापाला कुणालाच उभं केलं नव्हतं. शामसुंदर, आमचा संकलक, फिल्म बघताना म्हणाला, हा तुझा पांढरा माणूस भट्टीच्या इतक्या जवळ कसा उभा राहिला? मी वाकून पाहिलं. डोक्यापासून पायापर्यंत चुन्यानं माखलेला तेजराम, ताठ, डोळे माझ्याकडे. तो तुकडा कापला, तर पुढच्या तुकड्यात होता. शेवटी राहू दिला. त्यानंतर धरणाची फिल्म केली, दुर्बिणीची केली, लेण्यांची केली. सगळीकडे पायथ्याशी तो आहेच. लोक म्हणतात, माप दाखवावं ते कृष्णरावांनीच. मी हसतो. घरी मात्र फळीवरचा डबासुद्धा स्टुलावर चढून काढतो, हात डोक्याच्या वर जाऊ देत नाही. मला भीती वाटते गं. हात वर केला तर तो हलेल, आणि हलला तर माझ्याकडेच येईल.

शनिवारी दुर्गला उतरतो. तुळसाबाईंनाही तयार ठेव. हे वाचून मला घरात घेऊ नये असं वाटलं तर मी मैदानातच थांबेन, पण फिल्म लागल्यावर माझ्या शेजारी येऊन बस. मला खूण द्यायला हवी, सहा वर्षं तो तिष्ठतोय. पण ती दिल्यावर तो पडद्यावर उरेल की नाही, मला ठाऊक नाही, आणि त्याचं तोंड तुला दुसरीकडे कुठंच बघायला मिळणार नाही. म्हणून या वेळी मी ठरवणार नाही. तू त्याला पोटभर बघून घे. झालं की मला सांग, मी हात वर करीन. तू बोलली नाहीस, तर हात मांडीवरच ठेवीन.

तुझाच,
कृष्णादादा