अभिमन बहरीनला खेळतो

१२ जानेवारी १९८८

पोरगा पेपरात आला! बहरीनच्या पेपरात!

धरणगावचा वना तिकडे इलेक्ट्रिशियन आहे. सुट्टीवर आलाय. मुद्दाम भुसावळला उतरून कात्रण देऊन गेला. म्हणाला, "नाना, अख्ख्या बहरीनमध्ये अभिमनचीच चर्चा शे!"

मजकूर अरबी. एक अक्षर कळत नाही. सुलट कुठून ते फोटोवरून ठरवलं. अभिमन मधोमध उभा, दोन्ही हात डोक्यावर. मागे लोक खुर्च्या सोडून ओरडतायत. काय तो जोश!

रेल्वे कॉलनीतून बास्केटबॉल खेळायला परदेशी गेलेला आणि त्याचा पगार घेणारा हा पहिलाच. ह्या पोरासाठी दरवाजाची चौकट उंच करून घेतली होती. सार्थक झालं.

१३ जानेवारी

फोटो काचेत बसवून बैठकीत लावला. शेजारचे तोताराम आले. रिटायर्ड गार्ड. बराच वेळ बघून म्हणाले, "टोपलीत चेंडू टाकायचा पगार देतात?"

मी म्हटलं, "तुम्ही तीस वर्षं हिरवा झेंडा हलवला, त्याचा देत नव्हते का?"

अर्धा चहा टाकून गेले.

१७ जानेवारी

आज बारा जणांनी फोटो पाहिला. पोस्टमन धरून तेरा.

२३ जानेवारी

कॉलनीच्या मंडळाने ठरवलंय — सव्वीस तारखेला अभिमनचा सत्कार. तो नाही म्हणून शाल-नारळ मी घ्यायचा. दोन शब्दही बोलायचे. आता आली पंचाईत! पस्तीस वर्षं इंजिनं दुरुस्त केली, खेळातलं मला ओ की ठो कळत नाही.

रेल्वे इन्स्टिट्यूटच्या मैदानावर कोच जीवरामकडे गेलो. त्यानेच अभिमनला घडवला. त्याने चेंडू माझ्या हातात दिला. मी टोपलीकडे निघालो तर शिट्टी! म्हणे चेंडू न आपटता तिसरं पाऊल टाकायचं नाही. आणि पाच चुका केल्या की खेळाडू बाहेर.

मी म्हटलं, "आमच्याकडे पाच चुका केल्यावर साहेब करतात."

जीवराम हसला नाही. त्याचा साहेब मागेच उभा होता.

२६ जानेवारी

हे लिहू की नको?

सत्कार झाला. गर्दी चांगली. मी फोटो सोबत नेला होता — माझीच हौस. उर्दू शाळेचे रज्जाक मास्तर समोर बसलेले. मी माईकवरून म्हटलं, "मास्तर, तुम्हाला अरबी येते. काय लिहिलंय ते मोठ्याने वाचा!"

मास्तर वर आले. चष्मा लावला. वाचलं. चष्मा पुसला. पुन्हा वाचलं.

"हिंदुस्थानचा... उंच... खेळाडू," असं म्हणाले नि थांबले. "पुढची अरबी फार अवघड आहे."

टाळ्या पडल्या. कार्यक्रम संपल्यावर मास्तरांनी मला मांडवाच्या मागे नेलं. हात धरून सांगितलं — कपचा शेवटचा सामना. दोन सेकंद बाकी. आपला संघ एका गुणाने पुढे. गडबडीत अभिमनने चेंडू आपल्याच टोपलीत टाकला. कप गेला.

म्हणजे तो जोश नव्हता. डोक्याला हात लावून उभा होता पोरगा.

मांडवातून सगळ्यांच्या आधी घरी आलो. शाल तशीच अंगावर. गरम होत होतं तरी.

२७ जानेवारी

लिलाबाईला सांगितलं. वाटलं आई आहे, रडेल. ती मूळची धुळ्याकडची, मनापासून काही बोलायचं झालं की माहेरची बोली निघते. हसायलाच लागली. "टोपलीम्हा तं गया ना!"

फोटो काढावा तर लोक विचारतील. राहू दिला. मास्तर कोणाला सांगणार नाहीत. देवमाणूस.

२ फेब्रुवारी

अभिमनला पत्र टाकलं. पेपरचं काही लिहिलं नाही. लिहिलं — टीसीच्या नोकरीतून बिनपगारी रजा ३१ मार्चला संपते. हजर हो. झालं तेवढं खेळणं पुष्कळ झालं.

चार वेळा 'पुष्कळ' खोडलं, चार वेळा लिहिलं.

३ मार्च

उत्तर आलं. त्याला कळलंय की मला कळलंय! वनाने तिकडे परत जाऊन सत्काराचं, मास्तर वाचता वाचता थांबल्याचं सांगितलं असणार.

लिहितो — "नाना, तीन दिवस खोलीबाहेर पडलो नाही. पुढच्या सामन्याला उतरलो तर समोरच्या संघाचे लोक माझ्या नावाने ओरडत होते. वाटलं, आता ह्यांना दाखवतोच. एकवीस गुण केले. आता क्लब आणखी तीन वर्षं थांब म्हणतो. मी सव्वीसचा. पाय अजून पाच वर्षं उडतील. तिकिटं तपासायला पाय लागत नाहीत."

सोबत राजीनामा. सही केलेला.

"तुम्ही स्वतः ऑफिसात द्या. ३१ पर्यंत दिला नाही तर समजेन नानांची इच्छा नाही, आणि परत येईन. रागावणार नाही."

रागावणार नाही म्हणे! त्यापेक्षा रागावला असता तर बरं होतं.

७ मार्च

पाकीट घेऊन ऑफिसपर्यंत गेलो. कॅन्टीनमध्ये दोन चहा प्यालो. परत आलो.

११ मार्च

आज तीन चहा.

माझा बाप गँगमन. उन्हात रूळ ठोकून मेला. मी इंजिनाखाली झोपून तेल अंगावर घेतलं. ह्या घरात काळा कोट घालून डब्यात शिरणारा अभिमन पहिला. तो कोट असा कागदावर सोडून द्यायचा? बाबासाहेबांनी शिका म्हणून सांगितलं, उड्या मारा म्हणून नाही!

पण एकवीस गुण. परक्या देशात, टिंगल करणाऱ्यांसमोर.

१९ मार्च

जीवरामला विचारलं, तू काय करशील?

म्हणाला, "नाना, मलाही एकदा बाहेरचं बोलावणं आलं होतं. मी नोकरी धरली. बावीस वर्षं झाली, दुसऱ्यांच्या पोरांना सांगतोय — उडी मार, उडी मार."

मग शिट्टी वाजवून पोरांच्या मागे पळाला. माझ्याकडे बघायचं नव्हतं त्याला.

२४ मार्च

ठरलं. राजीनामा द्यायचा नाही. पाय मोडला तर क्लब ओळख देणार नाही, रेल्वे देईल. अभिमनच्या नावाने 'रुजू होत आहे' असा अर्ज स्वतः लिहिला, सुवाच्य अक्षरात. उद्या ऑफिसात देतो. बाप म्हणून वाईट ठरलो तर ठरलो.

लिलाबाईला सांगितलं. उडीद निवडत बसली.

२५ मार्च

कारकुनाने माझा अर्ज वाचला नि फाइल पुढे केली. "नाना, राजीनामा सोमवारीच आला की. साहेबांची सहीपण झाली."

आणून देणाऱ्याच्या नावापुढे वाकडी, पण पूर्ण सही — लिलाबाई पितांबर तायडे.

घरी येऊन कपाटातलं पाकीट उघडलं. आत रॉकेलचं कार्ड.

विचारलं. भाकरी थापता थापता म्हणाली, "तुमना हाते व्हतं नही. मी दी टाका. जेवाले बठा."