सख्खी आत्या

१५ जून, सोमवार

वरच्या खोलीत एक पाहुणी एकटीच सिनेमा बघत होती. फिलिपिन्सचा. मी चादर बदलत होते, तर पडद्यावरची मुलगी मालकिणीला हाक मारते — "आते!" आमच्या पवनानगरला आत्याला अशीच हाक मारतात! त्या बाईने मुलीला गावाहून शहरात आणलं, धुणीभांडी करायला म्हणून. मग गिऱ्हाइकांपुढे बसवलं.

माझंही तेच. आत्या लोणावळ्यात या बंगल्याचं सगळं बघते. साफसफाईला म्हणून मला आणलं, आणि शनिवारी पार्टीवाले आले की म्हणते, "जरा बस की त्यांच्यापाशी. बोलून काय झिजतीस व्हय?" ते बोलण्यावर थांबत नाहीत, हे तिला ठाऊक आहे.

शेवट बघायचा राहिला. खालून हाक आली.

१६ जून

पाहुण्या मॅडमना विचारलं. हसल्या. "अगं, आते म्हणजे त्यांच्याकडे ताई. कोणालाही म्हणतात." म्हणजे ती त्या मुलीची कोणीच नव्हती. माझी तर सख्खी आहे! बाबांची बहीण. याचाच जास्त राग येतो.

मुलीचं शेवटी काय झालं? "गेली निघून. दार उघडंच होतं."

दार आमचंही उघडंच असतं. पण घरी काय सांगू? बाबा गेल्यावर आत्यानेच आम्हाला सांभाळलं. आईला ती देवासारखी.

१८ जून

पोळ्या करपल्या. बोलणी खाल्ली.

२० जून, शनिवार

पार्टीवाल्यांपाशी बसायला मी आज नाही म्हणाले. ट्रे टेबलावर ठेवला, स्वयंपाकघरात आले आणि आतून कडी घातली. आत्या दार बडवत होती — "कोमल, लाज आणलीस मला!" लाज! आधी हसू आलं, मग रडू. कडी काही काढली नाही.

२२ जून

आज आत्या गोड बोलली. "जा घरी. मी न्हाई अडवत तुला." एवढं सोपं होतं? बॅग भरली. फार हलकं वाटतंय. उद्या सकाळी निघेन.

२३ जून

आत्या पहाटेच कुठेतरी गेली होती. निघताना घरी फोन केला. आई खुशीत होती. "आत्त्या हितंच हाय. इंदूला न्यायला आलीया, तुज्या जागंवर." इंदू माझी धाकटी बहीण, यंदाच बारावी झाली. म्हटलं, "आई, फोन स्पीकरवर टाक." आणि सगळं सांगितलं. आत्यासमोर.