न चावणाऱ्या चपला

वेंगुर्ले, मंगळवार

१. तुम्ही गेल्यापासून दुकानाला एकच जोड करायला मिळाला, दत्तप्रसाद मास्तरांचा.
२. त्यांच्या पावलांची मापं मी व्हर्नियरने घेतली.
३. पहिल्या दिवशी चपला अजिबात चावल्या नाहीत.
४. बाराव्या दिवशी उजवी कुणकेश्वरच्या समुद्रात गेली. डावी माझ्याकडे आहे.

तीर्थरूप बाबलीकाकांस सारिकाचा साष्टांग नमस्कार. डोळ्यांचं ऑपरेशन नीट झालं आणि म्हापशाला सुगंधाताईकडे तुमचं बरं चाललंय, हे तिच्याकडूनच कळलं. मी बरी आहे.

मास्तर आधी बाजारभर सांगत फिरले, की बाबलीच्या पुतणीने न चावणारी चप्पल केली. मीही ऐकून घेतलं (मेकॅनिकलचा डिप्लोमा आहे, थोडं होतं असं). पण चामडं रोज जरा जरा सैल होत गेलं आणि ते माझ्या हिशेबात नव्हतं. कुणकेश्वरला मास्तर घोट्याएवढ्या पाण्यात उभे होते. लाट परतली, तिच्याबरोबर चप्पल गेली, आणि चपलेमागे मास्तर कमरेपर्यंत (पोहता येत नाही). मग कोणाच्या तरी रबरी सपाता घालून, डावी पिशवीत घेऊन दुकानात आले. म्हणाले, "गो सारिका, बाबलीची चप्पल आठ दिवस रडवता, पण पाय सोडीत नाय. तुझी पयल्या दिवसापासून गोड बोलली, तेवाच माका संशय येवक होयो होतो." त्यांना जोड पुन्हा हवाय, पण तो चावला पाहिजे. नाहीतर समोरच्या दुकानातून फोमच्या घेणार, आणि मग आपल्याकडे करून घेणारं कोणी उरत नाही. किती घट्ट कापायचं, हे मी फोनवर विचारलं तेव्हा तुम्ही म्हणालात, "हातान कळता गो." काका, हाताला एकक नसतं. आकडा कळवावा.

बाकी ठीक. काल दुकानात दोघं आली. एकाला एसटी स्टँड हवा होता, दुसरं मांजर होतं. (मांजर जास्त वेळ थांबलं.)

आपली,
सारिका

ता. क. आकडा मिळाला. तुम्ही गिऱ्हाइकांची पावलं कागदावर आखून ठेवलीत, त्यांवर तुमच्या हातच्या जुन्या चपला ठेवून पाहिल्या. सगळीकडे चार मिलिमीटर कमी. तेव्हा आकड्याचं राहू दे.

ता. क. २. तरीही मास्तरांचा जोड अजून कापलेला नाही. परवा मी चामडं कापायच्या रापीला मोठ्याने "सावकाश" म्हणाले. दुकानात कोणीतरी समोर बसायला हवं. नीट दिसत नसलं तरी चालेल. येणार की नाही, एवढंच शुक्रवार, तेवीस तारखेपर्यंत कळवा.