दरीतली अंगाई

प्रिय ताई,

आपल्या दरीतले पोकळ दगड शेवटचा ऐकलेला आवाज धरून ठेवतात आणि वारा आला की तोच गातात. नऊ वर्षं ते आईची अंगाई गात होते. तिचा आवाज दुसरीकडे कुठेच नव्हता. म्हणून तिथून जाताना कुणी साधं खोकतही नसे.

तू म्हणालीस, "एवढं रेकॉर्डिंगचं वेड आहे ना, मग आईचा आवाज आणून दे. बाळाला ऐकवते."

मी नवीन माइक घेऊन गेलो. वारा पडला होता. स्टँड लावला, हेडफोन घातले आणि सवयीने बोलून गेलो, "हॅलो, हॅलो, माइक टेस्टिंग."

मग वारा आला. अख्खी दरी तेच म्हणायला लागली.

मी घाबरून अंगाई गायलो. आता दगड ती माझ्या बेसूर आवाजात गातात. दुसरी ओळ मला आठवेना, म्हणून तिथे दरी नुसतं हं हं करते.

काल तू फोनवर विचारलंस. मी म्हटलं, "वाराच नव्हता गं." उद्याही तेच सांगेन, कारण हे पत्र माझ्याच्याने पाठवलं जाणार नाही. आणि दुसरी ओळ काय होती, हे आता तुला विचारताही येत नाही.

तुझाच,
बडबड्या