बंडीच्या बुडाचा कापूस

अमरावती, खाट नंबर नऊ
९ डिसेंबर १९६४

श्री. मोतीरामजी व्याहीबुवा, मुक्काम बार्शीटाकळी, यांना मुलीच्या बापाचा वाकून नमस्कार. (वाकलो की खोकला येतो, म्हणून नमस्कार अर्धाच झाला आहे. उरलेला समक्ष करीन.) विहीणबाईंचा गुडघा, तांबड्या बैलाचा खूर आणि आमच्या बेबीची जीभ ही तिन्ही एव्हाना ताळ्यावर आली असतील अशी आशा करतो. आमची तब्येत विचाराल तर तिची प्रत अजून पक्की ठरायची आहे, आणि ऐन हंगामात अकोल्याचा कापूस बाजार सोडून मी इथे निजून आहे तो त्यासाठीच.

दसऱ्याला थुंकीत रक्त दिसलं. केशरबाईंनी (म्हणजे तुमच्या विहीणबाईंनी) दिवाळी उलटल्यावर मला धोतराला धरून इथे आणलं. डॉक्टर हेमचंद्र हे तरुण गृहस्थ आहेत, मुंबईला शिकलेले, कमी बोलणारे. त्यांनी छातीचा फोटो काढला, घशातून नळी घालून आतला तुकडा आणला आणि उजव्या फुफ्फुसात सुपारीएवढा कॅन्सर आहे असं सांगितलं. केशरबाई रडायला लागल्या. मी मात्र कापसाची प्रत ठरवायच्या तीस वर्षांच्या सवयीनं विचारलं, की माल कोणत्या प्रतीचा? डॉक्टर म्हणाले, बरोबर तेच आता शोधायचं आहे.

त्यांचा हिशोब असा आहे. गाठ फुफ्फुसातच बसून असेल तर ती पहिली पायरी. तेवढा भाग कापून काढतात आणि माणूस बरा व्हायची आशा असते. शेजारच्या बारक्या गाठींत शिरली तर दुसरी. छातीच्या मधोमध किंवा मानेपर्यंत चढली तर तिसरी, तिथे सुरी बहुतेक चालत नाही, किरणांचा शेक देतात. आणि यकृतात, हाडांत, डोक्यात जाऊन बसली तर शेवटची; मग नुसतं दुखणं कमी करायचं. पायरी चुकली तर दोन्हीकडून नुकसान आहे. बरा होणारा माणूस उगाच घरी पाठवला जातो, नाहीतर ज्याला उपयोग नाही त्याची छाती फुकट उघडली जाते. एक्सऱ्यातला डाग हा बैलांच्या बंडीतला वरचा कापूस आहे, खाली काय आहे ते हात घातल्याशिवाय कळत नाही, हे मला त्यांनी सांगायची गरज नव्हती.

आता लाजेची गोष्ट लिहितो. मला ऑपरेशन हवं आहे. घरी परत पाठवलेला माल मला व्हायचं नाही, मला त्याची भीती वाटते. म्हणून बाजारात ज्या लबाड्या मी उभ्या जन्मात पकडल्या, त्या सगळ्या मी स्वतःवर केल्या. वजन घटलं असेल तर प्रत पडते असं कळल्यावर काट्यावर उभं राहण्याआधी दोन तांबे पाणी प्यालो. काट्याजवळ लीलाबाई नावाची नर्स होती, धामणगावकडची पोरगी. तिनं माझ्या पोटाकडे पाहिलं आणि म्हणाली, "काका, पयले मोरीत जाऊन या, मंग काट्यावर उभे राहा. माह्या बापानं कापसावर पानी मारलं होतं तवा तुमीच पकडलं होतं." (पोरगी बापापेक्षा हुशार आहे. आता रोज माझा तांब्या मोजून भरते.)

मग बिड्या. दिवसाला चार, असं मी सांगितलं. मागून केशरबाई म्हणाल्या, "बंडल म्हना न, चार बंडल." डॉक्टरांनी लिहून घेतलं. शेवटी मफलर. मानेच्या हाडावर वाटाण्याएवढी गाठ लागत होती, म्हणून थंडीचं निमित्त करून मी मफलर सोडतच नव्हतो. डॉक्टरांनी तो दोन बोटांनी काढला आणि तीच बोटं सरळ गाठीवर ठेवली. इतका चांगला हात मी बाजारातही पाहिलेला नाही. गाठ काढून नागपूरला तपासायला गेली. आठ दिवस माझ्या तोंडाला चव नव्हती. काल उत्तर आलं, की गाठ साधी आहे. दुसरीकडे कुठे काही नसेल तर मंगळवारी मुंबईला न्यायचं आणि तिथे ऑपरेशन करायचं असं ठरलं आहे.

तेव्हापासून मी सगळ्या वॉर्डाला शिकवून राहिलो आहे, की बाबांनो, डॉक्टरापासून काही लपवू नका, बुडापर्यंत हात जाऊ द्या. आठ नंबरचा म्हातारा तर मला महाराज म्हणायला लागला आहे. विहीणबाईंना नमस्कार, बेबीला आशीर्वाद. काळजीचं कारण नाही.

आपला नम्र,
देवराव

ता. क. – येताना तुमच्याकडची हुरड्याची चटणी आणावी. इथलं वरण बिनमिठाचं असतं.

ता. क. दुसरा – येताना असं लिहिलं खरं, पण या असं मी अजून लिहिलंच नाही. रविवारी सकाळी या. डॉक्टर दहाला फेरी मारतात.

ता. क. तिसरा – हाडं कुठे दुखतात का, असं डॉक्टरांनी मला तीनदा विचारलं. तीनदा नाही म्हणालो. दिवाळीपासून उजवा खुबा दुखतो आहे, बसलो तरी आणि निजलो तरी. केशरबाईंना घरच्या बाजेच्या ढिल्या सुंभानं झालं असं सांगून ठेवलं आहे. कदाचित सुंभच असेल. सत्तावन साली भरबाजारात तुमच्या बंडीत मी कोपरापर्यंत हात घातला होता, वर जाईसारखा कापूस होता आणि खाली किडक्या बोंडांची ओली कवडी. (पोरांची सोयरीक पुढे जुळली, पण त्या दिवसाबद्दल आपण कधी बोललो नाही. चारचौघांत तसं करायला नको होतं.) तेव्हा तुम्ही भांडले नाही. खाली पाहून एवढंच म्हणाले, "राहू द्या देवराव, बुडाशी ओला हाये, मले मालूम होतं." रविवारी डॉक्टर माझ्या खाटेशी आले की तेवढं तुम्हीच बोला. मला सांगवत नाही.